‘न्हाणीघर’चं परीक्षण

मंगळवार, ४ नोव्हेंबर

आणखी एक नवी दिग्दर्शिका. मैथिली नाव, नाशिकची. व्हॉट्सॲपवर आवाजी निरोप पाठवलाय: "सर, तुमची परीक्षणं वाचून मी भयपट बघायला शिकले. माझा पहिलाच सिनेमा शुक्रवारी लागतोय. तुम्ही बघाल ना?" असं गोड बोलणाऱ्यांचा मला संशय येतो. सिनेमात दम असला की माणूस इतकं गोड बोलत नाही.

सिनेमाचं नाव ‘न्हाणीघर’. म्हणजे नळातून रक्त येणार, आरशात बाई दिसणार, मोरीतून केसांचा बुचका वर येणार. शी! इतकी वर्षं मी हेच बघत आलोय. दिवसा इथे कुवेतमध्ये अहमदीच्या ऑफिसात पाइपलाइनच्या सुरक्षेचे रिपोर्ट आणि सुट्टीला पुण्याच्या वेब पोर्टलसाठी भुतंखेतं. लोक विचारतात, जयप्रकाश, तुला भीती नाही वाटत? नाही वाटत. वीट येतो. माणसाला घाबरवायला अक्कल लागते. किळस आणायला बादलीभर लाल रंग पुरतो. म्हणून आपले दिग्दर्शक किळस आणतात आणि तिलाच भीती म्हणून खपवतात. हे मी इतक्यांदा लिहिलंय की आता वाचकच मला ऐकवतात.

हा मात्र बघावाच लागणार. आमच्या इथल्या मराठी मंडळाने शुक्रवारी त्याचा खेळ ठेवलाय, जलीबमधल्या एका शाळेच्या हॉलमध्ये. निर्मात्याकडून फाइल आली आहे. शुभदा मंडळाची सांस्कृतिक सचिव, त्यामुळे आधी बघून घ्यायचं काम बायकोच्याच गळ्यात पडलं. बँकेतून आली ती बेडरूमचं दार लावून लॅपटॉप घेऊन बसली. बाहेर आली तेव्हा डोळे लालबुंद. मी म्हटलं, "काय गं, एवढी टरकलीस?" एरवी पाल दिसली तरी पलंगावर चढणारी बाई ही! कणीक मळायला घेतली. मग पाठमोरीच म्हणाली, "शुक्रवारी तू नाही आलास तर नाही का चालणार?"

मी नाही आलो तर परीक्षण कोण लिहिणार, तिचे तीर्थरूप? तसं म्हटलंही. आमची लेक जुईली हसली. शुभदा नाही हसली.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

आत्ताच आलो. अंगाला अजून बटाटेवड्याच्या तेलाचा वास येतोय.

आमचं मंडळ सिनेमा बघतं म्हणजे काय करतं, तर खातं. मागच्या रांगेत चटणीचा डबा सांडला. एक कार्टं माझ्या खुर्चीला लाथा घालत होतं आणि त्याची आई त्याला "बाळा, अंकल रागावतील हं" म्हणून माझ्याच नावाने दटावत होती. सुरुवातीला अध्यक्ष सुधीरराव माइकवर: "आपला खेळ नेहमीप्रमाणे कौटुंबिक आहे. मुलांना घेऊन निर्धास्त बसा." भयपट आणि निर्धास्त! उठून जावंसं वाटलं.

सिनेमा. धरणाजवळच्या सरकारी वसाहतीतलं क्वार्टर, त्यात नवरा, बायको, नणंद. सुरुवात झकास, हे कबूल करायला हवं. प्रकाश चांगला, माणसं खरी, उगाच दचकवणं नाही. रोज सकाळी न्हाणीघरापासून बायकोच्या खाटेपर्यंत ओली पावलं उमटतात, लहान मुलाची. मी अशा वेळी पडद्याकडे बघत नाही, लोकांच्या पायांकडे बघतो. माणूस खरंच घाबरला की पाय जमिनीवरून उचलून घेतो, ही माझी जुनी कसोटी. तीन-चार जणींनी पाय वर घेतले होते. म्हटलं, बाई काहीतरी करून दाखवणार.

आणि मग सगळं मुसळ केरात. मध्येच पार्श्वसंगीत तोडल्यासारखं तुटलं, बायको अंगणात होती ती एकदम स्वयंपाकघरात. पुढे ती पावलं तिच्याच मागे, ते जे काय आहे ते तिलाच "आई" म्हणतंय, ती रडतेय आणि आपण खुळ्यासारखे बघतोय. का? काही पत्ता नाही. शेवटी ती न्हाणीघरात आत शिरून कडी लावून घेते. हॉलमध्ये मुलं हसली. मलाही हसू आलं, कडवट.

शुभदा मधला बराच वेळ बाहेर चहाच्या टेबलाशी उभी होती. इतकी भित्री बाई सांस्कृतिक सचिव!

शनिवार, ८ नोव्हेंबर

परीक्षण पाठवलं. पोर्टलच्या संग्रामचा लगेच फोन: "सर, फाडलंत! हेडिंगला तेच वाक्य घेतो." ते वाक्य असं: ‘हे भूत हिच्याच मागे का लागलंय, हे भुतालाही ठाऊक नाही आणि दिग्दर्शिकेलाही नाही.’ खाली संकलकालाही झोडलंय: त्याच्या हातात कात्री होती की कोयता?

लिहिताना मजा आली. खरं लिहायचं तर मजेपेक्षा चीड जास्त. चांगली सुरुवात करून माती खाणारे मला अगदी वाईट सिनेमा काढणाऱ्यांहून जास्त डोक्यात जातात.

शुभदाने फोनवर वाचलं. म्हणाली, "एवढं लिहायलाच हवं होतं का?" मी म्हटलं, जे दिसलं ते लिहिलं. ती कपडे वाळत घालायला बाल्कनीत गेली. दिवाळीच्या कार्यक्रमात तिच्या नाटुकल्याला मी टाळ्या वाजवल्या नव्हत्या, त्याचा राग अजून असणार.

सोमवार, १० नोव्हेंबर

माझं वाक्य गाजतंय. जुईलीने जेवताना फोन नाकासमोर धरला: "बाबा, यू आर अ मीम!" कुणीतरी कुकरवरून झालेल्या नवरा-बायकोच्या भांडणावरसुद्धा ते चिकटवलंय. ‘हे भूत हिच्याच मागे का’ आता मराठीत कशालाही लावतात. लोकांना काय, चघळायला काहीतरी हवं. मला आनंद व्हायला हवा. होतोय थोडा. तोंडात मात्र खवट शेंगदाणा आल्यासारखं वाटतंय.

मैथिलीचा पुन्हा निरोप. आवाज बसलेला. "सर, थिएटरवाले तुमचं परीक्षण दाखवून शो काढतायत. येत्या शुक्रवारी किती उरतील देव जाणे. मला एवढंच विचारायचंय... कारण तर आहे ना सिनेमात? तुम्ही पूर्ण बघितलात ना?"

तुम्ही पूर्ण बघितलात ना! म्हणजे मी झोपलो होतो असं म्हणायचंय का हिला? मी आयुष्यात एकही सिनेमा अर्धा सोडून परीक्षण लिहिलेलं नाही, आणि ही कालची पोर मला विचारते! उत्तर दिलं नाही.

सुधीररावांचाही फोन होता. मंडळ माझा सत्कार करणार म्हणे. शाल, श्रीफळ. ‘आपला जयप्रकाश महाराष्ट्रभर गाजतोय.’ शाल! नोव्हेंबरमध्ये इथे अजून एसी लागतो.

मंगळवार, ११ नोव्हेंबर



संध्याकाळी मेहुणीचा, अर्चनाचा, नाशिकहून व्हिडिओ कॉल. शुभदा खालच्या बकाल्यात, म्हणजे वाण्याकडे, दही आणायला गेली होती, म्हणून मी उचलला.

"दाजी, काय हो तुम्ही! माझ्या गावच्या मुलीचा सिनेमा आडवा केलात. मी काल बघून आले. मला तर बाई रात्रभर झोप नाही. ती मोरीत दूध पिळते तो सीन..."

"कसलं दूध?"

"कसलं म्हणजे? तिचंच. बाळ गेल्यावरचं. रोज न्हाणीघरात कोंडून घेऊन पिळते आणि ते खालचं पिऊन वाढतं, तोच तर सिनेमा आहे की! तुम्ही काय डुलक्या घेत होतात?"

मग म्हणाली, "ताईने नाही ना बघितला? तिला नका हं दाखवू, दाजी." मी म्हटलं, ती आधीच पालीला घाबरते. त्यावर अर्चनाने एकदम "बरं, ठेवते" म्हणून फोन ठेवून दिला.

दूध. मी दूध बघितलेलंच नाही. मी पूर्ण जागा होतो, पाय मोजत बसलो होतो. म्हणजे माझ्यासमोर जो चालला तो अख्खा सिनेमाच नव्हता. आणि मी त्या संकलकाला कोयतेवाला म्हटलं.



बुधवार, १२ नोव्हेंबर

ऑफिसातून सुधीररावांना फोन केला. आधी "कौटुंबिक खेळ असतो हो आपला, मुलंबाळं असतात", मग "कमिटीचा निर्णय", मग "अहो, तुम्ही तर घरचेच, तुम्हाला माहीत असेल असं वाटलं". घरचेच! मग त्या आलोकला गाठलं, मंडळाचं कॉम्प्युटरचं सगळं तोच बघतो. बिचारा गोंधळला. "काका, मी नुसतं ट्रिम केलं. काकूंनीच फोनवर सांगितलं, इथून इथपर्यंत. त्यांनी तुम्हाला सांगितलं नाही?"

आता चित्र स्वच्छ आहे आणि घाण आहे. खरं लिहावं तर लिहावं लागेल की कुवेतच्या मंडळाने निर्मात्याला न विचारता सिनेमा कापला, आणि कापणारी माझी बायको. मंडळाला पुन्हा कुणी सिनेमा देणार नाही, शुभदाला चार बायकांत तोंड दाखवणं मुश्कील. न लिहावं तर शुक्रवारी मैथिलीचे उरलेसुरले शो जातील, आणि तिला मारलेल्या धोंड्यावर माझं नाव राहील. उद्या संध्याकाळपर्यंत काय ते ठरवायला हवं, थिएटरच्या याद्या तेव्हाच निघतात.

घरी येऊन शुभदावर ओरडलो. जे ओरडायचं नव्हतं तेही ओरडलो. "तुला भीती वाटते म्हणून तू दुसऱ्याचा सिनेमा कापणार? भित्री कुठची! माझ्या नावाला काळं फासलंस!" जुईली खोलीतून बाहेर आली आणि परत आत गेली. शुभदा भाजी चिरत होती. सुरी खाली ठेवली, हात पुसले.

"तू आधी बघ," म्हणाली. "मग बोल."

एवढंच. हिच्या या थंडपणाचा मला आज तिटकारा आला.

गुरुवार, १३ नोव्हेंबर

आलोककडून मूळ फाइल घेतली. ऑफिसात बघणं शक्य नव्हतं. जेवणाच्या सुट्टीत गाडी अहमदीतल्या जुन्या बंगल्यांच्या रस्त्याला झाडाखाली लावली, लॅपटॉप मांडीवर, कानात हेडफोन.

तो भाग असा आहे. बायको हॉस्पिटलमधून घरी येते, हातात नुसती पिशवी. नवरा रिक्षावाल्याशी बोलतोय. कुणीच काही विचारत नाही, कारण सगळ्यांना माहीत आहे. नणंद चहा ठेवते. मग बायकोच्या लक्षात येतं की ब्लाउज ओला झालाय. ती न्हाणीघरात जाते, कडी लावते, मोरीवर वाकते आणि पिळते. संगीत नाही, काही नाही. बाहेरून नणंद, "वहिनी, झालं का गं?" आणि ही, "हो, आलेच," अगदी रोजच्या आवाजात. पांढरे थेंब मोरीच्या जाळीवर. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी थेंब पडतात आणि खालून कुणीतरी घोट घेतल्याचा आवाज येतो. हलकासा. आणि ती बाई घाबरत नाही. हसते.

माझे पाय गाडीच्या जमिनीवरून वर उचलले गेले होते. मी मुद्दाम लिहितोय.

इतक्या वर्षांत मी घाबरलो नव्हतो, आज घाबरलो. सिनेमाला नाही. ती बाई मोरीवर वाकते ना, ती पाठ मला ओळखीची वाटली.

रजा टाकून घरी आलो. शुभदाही घरीच होती, तिनेही बँकेत दांडी मारलेली. मी शेजारी बसलो. विचारलं, "सालमियाच्या जुन्या घरात?"

"किचनच्या सिंकमध्ये," ती म्हणाली. "डॉक्टरने बांधून ठेवायला सांगितलं होतं. दुखायचं फार. मग पिळून टाकायचे."

जुईलीच्या आधीचं. आमच्यात त्यावर बोलायचं नाही असं कधी ठरलं नव्हतं, पण बोललोही नाही. बाळ गेलं, आपण दोघांनी सोसलं, संपलं, असं मी धरून चाललो होतो. दूध येत असेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. माणूस इतका ठोंब्या असू शकतो!

"मी कुठे होतो?"

"हॉलमध्ये. तुझं ते नवीन नवीन परीक्षण लिहिणं सुरू झालं होतं ना. मोठ्या आवाजात बघायचास. तुझ्या सिनेमातल्या बायका ओरडायच्या तेवढ्यात मी रडून घ्यायचे. सोय होती."

रागाने म्हणाली असती तर बरं झालं असतं. ती बसचं टायमिंग सांगावं तसं सांगत होती.

मी म्हटलं, "मग कापलंस कशाला? इतका खरा सीन. तुला बघवत नव्हतं तर तू बाहेर उभी होतीसच की."

"मला बघवत होतं. मी दोनदा बघितला." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "तू बघू नयेस म्हणून कापला. तू त्यावर काय लिहिलं असतंस ते मला पाठ आहे. ‘किळस आणणं सोपं असतं.’ ते वाक्य मला माझ्या दुधावर वाचायचं नव्हतं, जया. त्या मुलीचं वाटोळं होईल हे माझ्या डोक्यात नव्हतं आलं. ते माझं चुकलं."

लिहिलं असतं. हेच्च लिहिलं असतं, वर एखादा कोटीबाज शब्द टाकून दिला असता आणि संग्रामने हेडिंगला घेतला असता.

बाथरूममध्ये जाऊन तोंड धुतलं. आरशात बघवेना. आजवर ज्याची ज्याची म्हणून मला शिसारी आली त्या सगळ्यांत हा चेहरा वरचढ आहे.

शुक्रवार, १४ नोव्हेंबर

काल संध्याकाळीच लिहून पाठवलं. ‘मी न्हाणीघर पूर्ण पाहिलेला नव्हता. आमच्या मंडळाच्या खेळात सिनेमाचा गाभाच कापलेला होता. माझं परीक्षण मागे घेतो. भूत हिच्याच मागे का लागतं, हे दिग्दर्शिकेला पुरतं ठाऊक आहे; मला ठाऊक नव्हतं.’ शुभदाने वाचलं आणि म्हणाली, "माझं नाव घाल. मंडळाने नाही, मी कापलं." मी नको म्हणत होतो. "घाल. का कापलं ते मात्र लिहायचं नाही. ते तुझ्या वाचकांसाठी नाहीये."

संग्राम: "सर, कशाला एवढं? लोक आठवड्यात विसरतात." मी चिडलो तेव्हा छापलं, पण कसं? ‘प्रसिद्ध समीक्षकाच्या पत्नीचा धक्कादायक प्रताप!’ वर भडक लाल अक्षरं. फोन करून अर्धा तास शिवीगाळ केली, तेव्हा कुठे हेडिंग बदललं. तोवर व्हायचं ते झालं होतं. पोर्टलला सांगितलं, यापुढे माझं नाव वापरायचं नाही.

सुधीररावांनी मंडळाची अब्रू काढल्याबद्दल मला, आणि कमिटीला न सांगता नाव जाहीर केल्याबद्दल शुभदाला, असं वेगवेगळं झापलं. सत्कार रद्द. शुभदाने ग्रुपवर राजीनामा टाकला. खाली कुणीतरी हात जोडलेलं चित्र टाकलं, कुणीतरी फुलं. तिच्या मैत्रिणींपैकी एकीचाही फोन आला नाही.

आणि ज्याच्यासाठी हे सगळं, तेही झालं नाही. याद्या आधीच निघाल्या होत्या. नाशिकात एका थिएटरात दुपारचा एकच खेळ उरलाय. बाकी महाराष्ट्रात ‘न्हाणीघर’ संपला.

शनिवार, १५ नोव्हेंबर

दुपारी मैथिलीचा फोन आला. आवाजी निरोप नाही, फोन. मी उभाच राहिलो. म्हटलं, "मैथिली, मी तुमची मनापासून माफी..."

"तुमच्याशी नाही बोलायचं मला," ती म्हणाली. आवाजात कसलाही गोडवा नव्हता. "तुमचं वाचलं मी. ज्यांनी कापलं त्यांना द्या. मला त्यांना विचारायचंय, नेमका तोच सीन का? सगळ्या सिनेमात तोच?"

शुभदाने फोन घेतला. आता हवा जरा बरी झाली आहे, ती बाल्कनीत गेली. खिडकी उघडी होती. मी मुद्दाम ऐकलं, उगाच सभ्यपणाचा आव आणत नाही.

पलीकडून बराच वेळ मैथिलीच बोलत असावी. शुभदा नुसती "हो", "खरंय", "तुझा राग बरोबर आहे" म्हणत होती. मग म्हणाली, "मी सांगते तुला. पण तू लगेच माफ वगैरे करू नकोस हं." आणि सांगायला लागली. सिंक. बांधलेला पंचा. पिळताना नळ चालू ठेवायचा, म्हणजे आवाज जात नाही. मला परवा इतकं सांगितलं नव्हतं. मी विचारलंही नव्हतं. मध्येच ती थांबली, नाक पुसलं, आणि मग चक्क हसली. "अगं, तुला कसं कळलं की बाहेरच्याला ‘आलेच’ असंच म्हणतो आपण? अगदी तसंच!" मग दोघी काहीतरी बोलत राहिल्या, हळू आवाजात, जुनी ओळख असल्यासारख्या.

जुईली खोलीतून आली, म्हणाली, "हू इज आई टॉकिंग टू?" मी तिला हातानेच गप्प बस म्हटलं. ती माझ्याजवळ उभी राहिली.

पलीकडून काहीतरी विचारलं गेलं असावं.

"मुलगी होती," ती म्हणाली. "नाही, बारसं कुठलं! पण मी ठेवलं होतं मनातल्या मनात. स्पृहा."

मी हे नाव आज पहिल्यांदा ऐकलं.